हजेरीपट आणि उशिराचा दिलासा

परीक्षा तोंडावर आली की महाविद्यालयांच्या सूचनाफलकावर एक यादी लागते. उपस्थिती कमी भरल्याने परीक्षेला बसता येणार नाही, अशा विद्यार्थ्यांची ती यादी असते. मग पालकांची धावपळ सुरू होते आणि ज्याची ऐपत असेल तो न्यायालयाची पायरी चढतो.

दिल्ली उच्च न्यायालयाने ३ नोव्हेंबर २०२५ रोजी या प्रश्नाच्या मुळालाच हात घातला. विधी शाखेच्या कोणत्याही विद्यार्थ्याला केवळ उपस्थितीअभावी परीक्षेपासून रोखू नये, असा निर्णय न्या. प्रतिभा सिंह व न्या. अमित शर्मा यांच्या खंडपीठाने दिला. त्यामागे एक वेदनादायक घटना होती. याच कारणावरून परीक्षा नाकारली गेलेल्या दिल्लीतील एका विधी विद्यार्थ्याने ऑगस्ट २०१६ मध्ये जीवन संपवले होते.

या निकालाचा अर्थ ‘वर्गात न गेले तरी चालेल’ असा काढणे ही शुद्ध आत्मवंचना ठरेल. उपस्थितीचे निकष नव्याने तपासण्यास बार कौन्सिलला सांगतानाच न्यायालयाने महाविद्यालयांवरही जबाबदारी टाकली. विद्यार्थ्याला दर आठवड्याला त्याची उपस्थिती कळवावी, पालकांना दरमहा सूचना द्यावी, मागे पडलेल्यांसाठी जादा तास घ्यावेत. एवढे करूनही उपस्थिती भरली नाही, तर गुणांत पाच टक्क्यांपर्यंत कपात करावी. म्हणजे शिस्त कायम राहिली. वाया जाणारे वर्ष मात्र वाचले.

हा निकाल विधी शाखेपुरता असला, तरी त्यातील विचाराची गरज सर्वाधिक कोठे आहे, हे नंदुरबार तालुक्यातील रनाळ्यासारख्या गावांकडे पाहिले की कळते. कापसाची वेचणी आणि मिरचीची तोडणी ऐन पहिल्या सत्राच्या परीक्षेच्या सुमारास येते. घरात हात कमी पडले की पुस्तक मिटते. याच जिल्ह्यातील अनेक कुटुंबे ऊसतोडीसाठी गुजरातेत जातात, तेव्हा धाकट्या भावंडांचा सांभाळ थोरल्या मुलीकडे येतो. हजेरीपटात या मुलीची गैरहजेरी आणि शहरात खासगी क्लाससाठी मारलेली दांडी एकाच खुणेने नोंदली जाते. शिवाय रनाळ्याच्या विद्यार्थ्याला उच्च न्यायालयाचा दिलासा हवा असेल, तर छत्रपती संभाजीनगरचे खंडपीठ गाठावे लागते. ज्याच्याकडे एसटीच्या पासाचे पैसे जेमतेम असतात, त्याने वकिलाची फी कोठून आणावी?

वर्गातील सहवासाचे मोल आपल्या परंपरेला नव्याने सांगण्याची गरज नाही. ‘उपनिषद’ या शब्दातच गुरूजवळ बसणे अभिप्रेत आहे. पण जवळ बसण्यासाठी गुरूही हवा. ज्या विषयाला वर्षभर प्राध्यापकच नाही, त्या तासाची गैरहजेरी कोणाच्या नावावर मांडायची?

नियम असावा आणि तो पाळलाही जावा. मात्र त्याची आठवण सत्र संपल्यावर होऊ नये. विद्यार्थी आठवडाभर दिसला नाही, तर त्याच्या घरी निरोप जाणे हे प्राध्यापकांचे आणि महाविद्यालयाचे कर्तव्यच आहे. त्यासाठी न्यायालयाच्या आदेशाची वाट पाहण्याचे कारण नाही. परीक्षेच्या आठ दिवस आधी लागणारी यादी सत्राच्या पहिल्या महिन्याअखेरीस लागली, तर ती शिक्षेची न राहता सावध करणारी यादी होईल, आणि अनेकांना न्यायालयाची पायरी चढण्याची वेळच येणार नाही.