अंगोलाचे रूळ कोणी उखडले?

कामगार बंधूंनो,

आफ्रिकेत युद्ध पेटले की आपली वर्तमानपत्रे 'टोळ्यांची मारामारी' असा मथळा देऊन मोकळी होतात. अंगोलात १९७५ ते २००२ अशी २७ वर्षे माणसे मेली, ती काय निव्वळ टोळ्यांच्या वैरापायी?

ज्या सालाझारच्या पोलिसांनी १९५५ साली गोव्याच्या सत्याग्रहींवर गोळ्या झाडल्या, त्याच्याच राजवटीत अंगोलाचा शेतकरी कॉफीच्या मळ्यांवर सक्तीने राबत होता. गोवा १९६१ मध्ये सुटले. अंगोला ११ नोव्हेंबर १९७५ ला. जाताना पोर्तुगालने सत्ता कोणाच्याच हाती रीतसर सोपवली नाही. तीन संघटना आपसांत भिडल्या आणि त्या भांडणात बाहेरचे लगेच उतरले. सीआयएने पैसा व शस्त्रे पुरवली, वर्णद्वेषी दक्षिण आफ्रिकेने फौजा घुसवल्या. लुआंडाच्या एमपीएलए सरकारमागे क्युबाचे सैनिक आणि सोव्हिएत शस्त्रे उभी राहिली. १९८६ मध्ये रेगन यांनी युनिटाच्या साविंबीचे व्हाइट हाऊसमध्ये स्वागत केले. त्याच काळात काबिंदात अमेरिकन कंपनी तेल काढत होती, रॉयल्टी लुआंडाला भरत होती, आणि तिच्या विहिरींवर पहारा होता क्युबन सैनिकांचा! नफ्याला कसले आले तत्त्व?

शीतयुद्ध संपले, तरी युद्ध संपले नाही. १९९२ च्या निवडणुकीचा निकाल साविंबीने झुगारला. आता त्याची बंदूक हिऱ्यांवर चालू लागली, सरकारची तेलावर. लुआंडाचे पुढारीही धुतल्या तांदळासारखे नव्हते; तेलाच्या पैशावर ते गबर झाले आणि जनता उपाशी राहिली.

आता आपल्या धंद्याचे बोलू. लोबितो बंदरापासून काँगोच्या सरहद्दीपर्यंतची १,३४४ किलोमीटरची बेंगेला रेल्वे ब्रिटिश भांडवलाने बांधली, ती कटांगाचे तांबे न्यायला. युनिटाने तिचे पूल उडवले, रुळांवर सुरुंग पेरले. सरहद्दीपार जाणारी वाहतूक ठप्प झाली. ज्या लाइनवर रोज पायी फिरायचे, तिथेच सुरुंग! गँगमन बंधूंना याचा अर्थ वेगळा सांगायला नको. युद्धात सुमारे ५ लाख माणसे मेली, ४० लाखांच्या आसपास बेघर झाली. शेतात, पाण्याला गेलेल्या कित्येक बायाबापड्यांचे पाय सुरुंगांनी नेले.

२२ फेब्रुवारी २००२ ला साविंबी मारला गेला, ४ एप्रिलला युद्धबंदी झाली. पुढे चिनी कंपनीने लाइन पुन्हा उभारली. आता तिच्यावर अमेरिकेचा आणि युरोपचा डोळा आहे, पुन्हा तांब्यासाठी आणि कोबाल्टसाठी.

म्हणून बंधूंनो, कोणी 'टोळीयुद्ध' म्हणाला, तर त्याला एवढेच विचारा: बंदुका कोणाच्या कारखान्यातल्या होत्या, आणि माल कोणाच्या बंदरात उतरला?

कामगार एकजुटीचा विजय असो!