जुबेदाच्या अम्मी

‘आलम आरा’ हा आपल्या देशातला पहिला बोलपट 14 मार्च 1931 रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात लागला. त्याची नायिका जुबेदा अनेकांना ठाऊक आहे. तिच्या अम्मी फातिमा बेगम यांचे नाव मात्र आपण क्वचितच ऐकतो.

उर्दू रंगभूमीवरून आलेल्या फातिमा बेगम 1922 मध्ये ‘वीर अभिमन्यू’ या मूकपटात दिसल्या. तेव्हा पडद्यावरच्या बायकांच्या भूमिकाही बहुधा पुरुषच करत. 1926 मध्ये त्यांनी स्वतःची कंपनी काढून ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला. भारतातल्या पहिल्या स्त्री दिग्दर्शक त्याच. ही कारकीर्द तीन-चार वर्षांतच आटोपली. त्या चित्रपटाची एकही प्रत आज मिळत नाही.

सिनेमाबद्दल घराघरांत मते वेगळी असतील. पण तीन मुलींची आई असलेल्या या बाईची मेहनत आणि हिंमत कोण नाकारेल? आपल्या नानी-दादींचे कष्टही असेच नोंदीविना गेले. त्या किती शिकल्या, काय काय केले, हे मुलांना विचारायला लावू या आणि वहीत उतरवून ठेवू या. विचारायला त्या आहेत, तोवरच.