पडद्यामागची माणसे

बारावीचे निकाल लागले की आपल्याकडच्या चर्चा ठरलेल्या : इंजिनीअरिंग, सी.ए., नाहीतर स्पर्धा परीक्षा. एखाद्याने ‘मला सिनेमात काम करायचंय’ म्हटले की घरचे धास्तावतात. सिनेमा म्हणजे नट-नटी, एवढेच आपल्याला ठाऊक!

आपल्या इंदूरहून महेश्वर नव्वदेक किलोमीटर. ‘पॅडमॅन’ (२०१८) चे बरेचसे चित्रीकरण तिथले. पडद्यावर घाट सुंदर दिसतो. पण असे युनिट गावात उतरते तेव्हा शे-दोनशे माणसांच्या खोल्या, उजाडायच्या आत चहा-पोहे, प्रशासनाच्या परवानग्या, जनरेटर, गाड्या, नावा, बघ्यांची गर्दी हे सगळे कुणीतरी सांभाळत असते. उद्या कोणी किती वाजता कुठे हजर व्हायचे, याचा कागद आदल्या संध्याकाळी निघतो. त्याला कॉल शीट म्हणतात. एक नाव तासभर उशिरा आली तर सगळे युनिट बसून राहते आणि कॅमेऱ्याचे भाडे चालूच असते. हे काम प्रॉडक्शन मॅनेजर आणि लाइन प्रोड्युसर यांचे. त्यांना हाताशी गावातलीच मुले लागतात, ज्यांना बाजार आणि तहसील कचेरी दोन्ही ठाऊक आहेत. मध्य प्रदेश शासनाने २०२० मध्ये चित्रपट पर्यटन धोरण आणले, त्यामुळे बाहेरची युनिटे इकडे यायला आणखी एक कारण मिळाले.

आणि हे काम काही आजचे नव्हे. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’ साठी सरस्वतीबाई फाळके यांनी दागिने दिले, सगळ्या मंडळींचा स्वयंपाक सांभाळला, शिवाय फिल्मला भोके पाडण्याचे कामही केले. आपण जयंतीला हार घालतो तो मात्र एकट्या दादासाहेबांच्या फोटोला.

तरी ‘कॉलेज सोडा आणि शूटिंगला पळा’ असे मी म्हणणार नाही. काम बहुधा कंत्राटी. चित्रपट संपला की नोकरी संपली. पैसे उशिरा मिळतात, कधी बुडतातही. बारा-बारा तासांची पाळी. मुलींच्या रात्रीच्या जाण्यायेण्याची सोय काय, हे पालकांनी निःसंकोच विचारावे. म्हणून आधी पदवी, शक्यतो बी.कॉम. कारण या धंद्यात निम्मे काम हिशेबाचे असते : रोजची रोकड, व्हाउचर, जीएसटी, टीडीएस. ज्याने गणेशोत्सवात मंडळाचा जमाखर्च चोख ठेवला आहे, त्याची अर्धी तयारी झालीच म्हणायची.

शाळेला दोन सूचना. करिअर मार्गदर्शनाला दरवर्षी डॉक्टर-इंजिनीअर येतात. यंदा एखाद्या लाइन प्रोड्युसरला बोलवावे. दुसरी स्नेहसंमेलनाबद्दल. मंडप, माइक, वेशभूषा, अल्पोपाहार यांचा खर्च नववीच्या चार-पाच मुलामुलींकडे द्यावा, शिक्षकांनी फक्त लक्ष ठेवावे. हिशेब त्यांनीच पालक सभेत मांडावा. बक्षीस समारंभात नाटकातल्या नायकासोबत त्यांनाही मंचावर बोलवावे.