महाळुंग आणि कवठ यांचे मोल

बीजगणिताच्या तासाला ज्या उदाहरणांनी मुलांची तोंडे उतरतात, ती शाब्दिक उदाहरणे होत. दोन समीकरणे फळ्यावर मांडून दिली, तर वर्गातील बहुतेक मुले एका चलाचा लोप करून उत्तर बिनचूक काढतात. परंतु तीच गोष्ट ‘इतक्या वह्या व इतकी पेने यांस इतके रुपये पडले’ अशा शब्दांनी पुढे आली की लेखणी थबकते. मग पालक भेटीस येतात व म्हणतात, “सर, याची रीत तेवढी पक्की करून घ्या.” माझे नम्र मत असे आहे की रीत पक्कीच आहे, कच्चे आहे ते वाचन.

इसवी सनाच्या 9 व्या शतकात महावीराचार्य नामक जैन गणिती होऊन गेले. त्यांनी आपल्या ‘गणितसारसंग्रह’ ग्रंथाच्या आरंभी ज्याचे स्तवन केले, त्या राष्ट्रकूट राजा अमोघवर्षाचे राज्य आपल्या महाराष्ट्रावरही होते. त्या ग्रंथातील एक प्रश्न असा: 9 महाळुंगे व 7 कवठे यांचे मोल 107, आणि 7 महाळुंगे व 9 कवठे यांचे मोल 101, तर प्रत्येक फळाचे मोल काय? (महाळुंग आता बाजारात क्वचितच दिसते, कवठ मात्र महाशिवरात्रीच्या सुमारास आपणां सर्वांच्या परिचयाचे असते.)

येथे पुष्कळ मुले घाईने ‘क्ष म्हणजे महाळुंग’ असे लिहितात, आणि घोटाळ्यास तेथेच प्रारंभ होतो. क्ष हे फळ नव्हे. एका फळाचे मोल होय. एवढे नीट लिहिले, की 9क्ष + 7य = 107 आणि 7क्ष + 9य = 101 ही समीकरणे आपोआप उभी राहतात. पुढे तर गंमतच आहे. दोहोंची बेरीज केली असता 16 महाळुंगे व 16 कवठे मिळून 208, म्हणजे एक जोडी 13 ची. वजाबाकी केली असता दोन फळांच्या मोलातील अंतर 3. महाळुंग 8, कवठ 5. दोन ओळींत काम झाले! ज्याने प्रश्न नीट वाचला त्यालाच आकड्यांतील ही अदलाबदल दिसते. ज्याने वाचला नाही तो येथेही क्रेमरचे निश्चयक मांडीत बसतो.

परंतु ह्या उदाहरणांपासून शिकावयाची मुख्य गोष्ट याहून वेगळी आहे. भास्कराचार्यांच्या ‘बीजगणिता’त दोन रत्नधारकांचा प्रश्न आहे. एकाजवळ 5 माणके, 8 नील, 7 मोती व रोख 90. दुसऱ्याजवळ 7 माणके, 9 नील, 6 मोती व रोख 62. दोघांचे धन समान. अज्ञात तीन आणि विधान मात्र एकच! तेव्हा आचार्य आधी एक गृहीत धरतात: मोत्याच्या दुप्पट नील व तिप्पट माणिक मानावे, मग मोती 4, नील 8 व माणिक 12 येते. गृहीत बदलले की मोलही बदलते. एका विधानावरून तीन गोष्टींचा निकाल लागत नाही, हे त्यांनी लपवून ठेवले नाही.

आपल्या शास्त्रातील अनुवादाच्या 19 व्या अध्यायात एकाच साक्षीवरून कोणास दोषी ठरवू नये असा दंडक आहे. बीजगणिताचाही दंडक तोच. आणि साक्षीदार केवळ दोन असून भागत नाही, ते स्वतंत्र असावे लागतात. 2 वह्या व 3 पेने यांस 130 रुपये, आणि 4 वह्या व 6 पेने यांस 260 रुपये, ही साक्ष एकाच माणसाने दोनदा दिलेली आहे. तिच्यावरून वहीची किंमत युगान्तापर्यंत कळणार नाही. आलेख काढल्यास दोन्ही रेषा एकीवर एक पडतात.

आणखी एक गोष्ट पुस्तकात सहसा लिहिलेली नसते. दोन्ही खरेद्यांच्या वेळी भाव एकच होता, हे आपण मुकाट्याने मान्य केलेले असते. मंडईत सोमवारचा भाव मंगळवारी राहत नाही. चिंचवड, भोसरी, चाकण येथील कारखान्यांत खरेदीचे काम पाहणाऱ्या पालकांस हे सांगावयास नकोच; माल अधिक घेतला की सुट्या भागाचा दर उतरतो, व मग दोन एकरकमी बिलांवरून काढलेला दर फसवा ठरतो.

म्हणून पालकवर्गास माझी विनंती शिकवणी वाढविण्याची नाही. घरी दोन पावत्या मुलापुढे ठेवाव्या, दर झाकावे, आणि ‘दर काढ’ म्हणण्यापूर्वी ‘ह्यावरून दर निघतील काय?’ असे विचारावे. पेन्सिलीची किंमत उणे 3 रुपये काढून तिच्याखाली दुहेरी रेघ मारणारा विद्यार्थी आळशी नसतो. उत्तर घेऊन पुन्हा दुकानात जावयाचे असते, हे त्यास कोणी सांगितलेले नसते.

विद्यार्थिमित्रांनो, आता ही शेवटची पावती पाहा. 2 वह्या व 3 पेने यांचे 130 रुपये झाले. त्याच दुकानात, त्याच दिवशी, त्याच भावाने 6 वह्या व 9 पेने घेतली, तर दुकानदाराने 400 रुपये मागितले. वहीची किंमत काढू नका. दुकानदारास काय विचाराल, ते लिहून आणा.