पाचूबंदर म्हणजे नुसता देखावा नव्हे

ग्रामजीवनाचे अनुबोधपट काढणाऱ्यांशीं आमचा एक जुना वाद आहे. शेतकरी दाखवावयाचा तर मावळतीच्या उजेडांतला नांगर. कोळी दाखवावयाचा तर रंगीत होडी, वाळत घातलेले बोंबील आणि मागें नारळींची रांग! वसईच्या किल्ल्याजवळचें पाचूबंदर या मंडळींस फारच सोयीचें. १७३९ सालीं चिमाजी आप्पांनीं घेतलेला तो तट, शेजारीं खाडीचें मुख. कॅमेरा कोठेंही ठेवा, चित्र तयार!

“सुंदर वस्तु सुंदर दाखविणें हा काय गुन्हा?” असें कोणी विचारील. गुन्हा नाहीं, पण तेवढ्यावरच थांबणें ही प्रेक्षकाची फसवणूक आहे. त्या वाळवणावर एक अवकाळी सर आली कीं बोंबील नासतात आणि घरच्या बायकांचे श्रम मातीमोल होतात. डोल ही शोभेची वस्तु नव्हे. प्रवाहाच्या तोंडावर ती रोवावी लागते, आणि प्रवाह तिथीप्रमाणें बदलतो. उधाण आणि भांग यांचा एक फेरा पुरा होण्यास पंधरवडा लागतो. दोन दिवसांत पाचूबंदर उरकणाऱ्यास तो कळावा कसा? शिवाय डोलीच्या शेवटच्या बारीक विणींत मासळीचीं पिलेंही सांपडतात, हेंही सांगितलें पाहिजे. जुनें तें सारें निष्पाप, ही समजूत कोळ्याच्या नव्हे, शहरी प्रेक्षकाच्या सोयीची आहे.

वस्तुतः धीर हेंच या कलेचें पहिलें भांडवल. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्रा’पूर्वींच दादासाहेब फाळक्यांनीं कुंडींतल्या वाटाण्यासमोर कॅमेरा ठेवून एकेक चित्र घेत त्याचा वेल पडद्यावर वाढविला. एका वाटाण्यास मिळाला तेवढा धीर एका गांवाच्या वाट्यास येऊं नये काय?

ही मागणी अशक्य नाहीं. सर्वनिक कौर यांचा ‘अगेन्स्ट द टाइड’ हा २०२३ सालीं सन्डान्स महोत्सवांत गौरविला गेलेला अनुबोधपट पाहा. मुंबईच्या दोन कोळी मित्रांची ती हकीकत. एक वडिलार्जित रीतीनें किनाऱ्याजवळ मासेमारी करतो. दुसरा कर्ज डोक्यावर घेऊन खोल समुद्रांत जातो आणि एलईडी दिव्यांकडे वळतो. त्या दिव्यांवर २०१७ पासून बंदी आहे. तरीही चित्रपट त्यास खलपुरुष ठरवीत नाहीं. समुद्र रिता होत असतां दोघांचेंही कसें अडतें तें दाखवितो. येथें कोळी बोलतो, भांडतो, चुकतो. तो देखावा राहत नाहीं.

याउलट १९४८ सालीं निघालेल्या फिल्म्स डिव्हिजनच्या कित्येक पटांनीं ग्रामस्थास मुका ठेवून त्याच्या वतीनें निवेदकाचा धीरगंभीर आवाज ऐकविला. आज तो आवाज गेला व त्याच्या जागीं करुण सतार आली, ग्रामस्थ मुकाच!

आमची सूचना साधी आहे. पाचूबंदरावर चित्रपट काढणाऱ्यानें तो प्रथम पाचूबंदरींच दाखवावा. जाळें विणणारा आणि टोपली वाहणारी यांनीं “हें आमचें नव्हे” म्हटलें, तर महोत्सवांतल्या टाळ्यांनीं तें त्यांचें होणार नाहीं.