रुजू झाल्याचा दिवस हाच ज्येष्ठतेचा दिवस

सरळसेवेने आलेला आणि पदोन्नतीने आलेला अधिकारी एकाच पदावर काम करतात, पण ज्येष्ठता यादी निघाली की त्यांचे दोन तट पडतात. प्रकरण महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात (मॅट) जाते, तिथून उच्च न्यायालयात, आणि वरची पदोन्नती अडून राहते. दोष दोघांनाही दिला जातो; माझ्या मते तो मुळात शासनाचा आहे. भरती नियमांत दोन्ही मार्गांचे प्रमाण ठरलेले असते. मात्र सरळसेवेचे मागणीपत्र लोकसेवा आयोगाकडे वेळेवर जात नाही. काम थांबू नये म्हणून त्या जागांवर तात्पुरती पदोन्नती दिली जाते आणि ती वर्षानुवर्षे चालते. पुढे निवड झालेले उमेदवार येतात, तेव्हा एकाच जागेवर दोघांचा हक्क उभा राहतो.

या वादातला सर्वात महत्त्वाचा निकाल महाराष्ट्रातल्याच प्रकरणात लागला. उपअभियंत्यांच्या ज्येष्ठतेवरून १९७७ साली पटवर्धन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, सेवेत कायम केल्याची तारीख हा ज्येष्ठतेचा आधार होऊ शकत नाही. कायम करणे सर्वस्वी शासनाच्या सवडीवर असते. तरीही वाद मिटला नाही आणि १९९० साली पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाला तत्त्वे घालून द्यावी लागली: नियमानुसार नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता त्या नेमणुकीपासून; नियम डावलून केवळ वेळ मारून नेण्यासाठी नेमले असेल, तर तो काळ धरायचा नाही. केंद्रीय सेवांबाबत सर्वोच्च न्यायालयाच्याच २०१२ च्या परमार निकालाने उलटी वाट धरली. ज्या वर्षी भरतीची प्रक्रिया सुरू झाली त्या वर्षाची ज्येष्ठता, उशिरा रुजू झालेल्या सरळसेवेच्या उमेदवारालाही मिळू लागली. मणिपूर पोलीस सेवेच्या प्रकरणात २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल पुढील काळासाठी रद्द केला. जो माणूस संवर्गात जन्मलाच नव्हता, त्याला तेव्हाची ज्येष्ठता कशी द्यायची, हा त्यामागचा सरळ विचार. मला तो पटतो.

परीक्षा, मुलाखत, पडताळणी यांत वर्षे गेली, त्यात आमचा काय दोष, असे सरळसेवेचे अधिकारी विचारतात. दोष नाहीच. पण शासनाच्या दिरंगाईची भरपाई शेजारच्या टेबलावर काम करणाऱ्या सहकाऱ्याच्या ज्येष्ठतेतून का करायची? त्या काळात फाइल तोच हलवत होता. तात्पुरत्या पदोन्नतीचा काळही ज्येष्ठतेत धरावा, हा पदोन्नत अधिकाऱ्यांचा युक्तिवादही मात्र सरसकट मान्य होण्यासारखा नाही. ठरलेल्या प्रमाणाबाहेर, सरळसेवेच्या जागेवर केलेले काम पगारासाठी धरावे, ज्येष्ठतेसाठी नव्हे. नाहीतर मागणीपत्र दाबून ठेवणाऱ्या कार्यालयालाच बक्षीस मिळेल आणि स्पर्धा परीक्षेची वर्षानुवर्षे तयारी करणाऱ्या मुलामुलींच्या जागा परस्पर वाटल्या जातील. नियमित नेमणुकीनंतर प्रत्यक्ष रुजू झाल्याचा दिवस दोन्ही बाजूंना सारखा लागू होतो आणि तो मागाहून कोणाला फिरवता येत नाही. मागून मिळणाऱ्या ‘मानीव दिनांका’ने, म्हणजे प्रत्यक्ष रुजू होण्याआधीची तारीख ज्येष्ठतेसाठी मानल्याने, तीच खात्री जाते, दहा वर्षांपूर्वीची यादी पुन्हा उघडते आणि निवृत्तीला टेकलेल्या माणसाचा क्रम बदलतो.

सामान्य प्रशासन विभागाने प्रत्येक खात्याला दोन गोष्टी बंधनकारक कराव्यात. पुढील वर्षी रिकाम्या होणाऱ्या जागांचे मागणीपत्र आदल्या वर्षीच आयोगाकडे जावे. निवृत्तीच्या तारखा तर आधीच ठाऊक असतात. आणि १ जानेवारीची ज्येष्ठता यादी हरकती ऐकून त्याच वर्षात अंतिम व्हावी. जे खाते हे करणार नाही, त्याला तात्पुरत्या पदोन्नतीची परवानगी देऊ नये.