हॉलची किल्ली कुणाकडे?

६ जुलै १९७३ रोजी इंग्लंडमध्ये ‘क्वीन’ या नवख्या बँडची पहिली तबकडी बाजारात आली आणि पडली. ‘कीप युअरसेल्फ अलाइव्ह’ हे तिच्यावरचं गाणं तिथल्या लोकप्रियतेच्या यादीत कुठेच लागलं नाही. गायक होता फ्रेडी मर्क्युरी, म्हणजे पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत शिकलेला फारोख बल्सारा. शाळेत असतानाच, जेमतेम बारा वर्षांचा असताना, त्याने सवंगड्यांसोबत ‘द हेक्टिक्स’ नावाचा बँड काढला होता. महाराष्ट्रात त्याचं नाव निघतं ते पाचगणीमुळे. थोडा अभिमान वाटून घेतला की विषय मिटतो. जळगाव-धुळ्याच्या नव्या बँडच्या कामाचं मात्र त्या पडलेल्या गाण्याच्या घडणीत जास्त आहे.

१९७१च्या डिसेंबरात वेम्ब्लीत डी लेन ली हा नवा स्टुडिओ सुरू होत होता. यंत्रं तपासून बघायला कुणीतरी दणकून वाजवणारं हवं होतं. क्वीनच्या चौघांनी वाजवायचं आणि बदल्यात आपली गाणी फुकटात रेकॉर्ड करून घ्यायची, असा सौदा जमला. बँडचा गिटारवादक ब्रायन मे याने रचलेल्या या गाण्याचा पहिला नमुना तिथे तयार झाला. पुढे लंडनच्या ट्रायडेंट स्टुडिओने त्यांना हाताशी धरलं, पण वेळ दिली ती उरलीसुरली. पैसे मोजणारं गिऱ्हाईक निघून गेलं की रात्री-अपरात्री. तिथे गाणं पुन्हा रेकॉर्ड झालं, अनेकदा मिक्स झालं, तरी कुणाच्या मनास येईना. अखेर माइक स्टोन या इंजिनिअरचं मिक्स पसंत पडलं, आणि तरीही ब्रायनला वेम्ब्लीचा फुकटचा नमुनाच उजवा वाटत राहिला. त्याच्या हातातली गिटारसुद्धा विकतची नव्हती. बाप-लेकाने ती घरीच बनवली होती. तिची दांडी जुन्या शेकोटीच्या चौकटीच्या लाकडाची.

हा काळ ग्लॅम रॉकचा. चकचकीत कपडे, उंच टाचा, पुरुषांच्या डोळ्यांत काजळ. त्याच उन्हाळ्यात फ्रेडीने ‘लॅरी ल्युरेक्स’ या टोपणनावाने आणखी एक तबकडी केली. ल्युरेक्स म्हणजे कापडात विणायचा चकाकता धागा. आपल्या भाषेत जरीवाला लॅरी! खानदेशातल्या अहिराणी गाण्याच्या व्हिडिओतले गॉगल आणि झगमगीत जाकिटं पाहून आपल्याकडे नाकं मुरडणारे पुष्कळ आहेत. लग्नाच्या वरातीत बँडवाल्यांचे जरीचे कोट आणि खांद्यावरच्या झालरी मात्र याच लोकांना खटकत नाहीत. झगमगाट दिसला की मेहनत नसणार, हे गृहीतच चुकीचं आहे. क्वीनच्या गाण्यात दोन्ही होतं. त्या मेहनतीला लागणारी जागा त्यांना मिळाली ती दुसऱ्याच्या रिकाम्या वेळातून.

अशा रिकाम्या वेळा आपल्याकडेही आहेत. जळगावात छत्रपती संभाजीराजे नाट्यगृह आहे, धुळ्यात राजर्षी शाहू महाराज नाट्यमंदिर आहे, आणि विद्यापीठाच्या ‘युवारंग’ या युवक महोत्सवासाठी तालमी करणाऱ्या महाविद्यालयांकडे स्वतःची सभागृहं आहेत. कार्यक्रम नसेल त्या वेळा नाममात्र दरात नव्या बँडना द्याव्यात, एवढंच मागणं आहे. यावर कुणी म्हणेल, अहिराणी गाणी मोबाइल आणि एका खोलीच्या जोरावर घरोघर पोचली, त्यांचं कुठे अडलं? नाही अडलं, आणि ते कौतुकाचंच आहे. पण तयार ट्रॅकवर एकट्याने गाणं वेगळं आणि चौघांनी एकमेकांचा ताल सांभाळत वाजवणं वेगळं. वहीगायन या खानदेशी लोकगायनाची मंडळी देवळाच्या ओट्यावर बसून तयार होऊ शकतात. ड्रमसेट कॉलनीतल्या घरात लावला तर दुसऱ्याच दिवशी शेजारी दारात उभे राहतील.

दुसरा आक्षेप खर्चाचा: वीज, पहारेकरी, मोडतोड. तो खरा आहे. त्यासाठी अनामत घ्यावी, वेळेची नोंद ठेवावी. पण खासगी उपकाराची किंमत काय पडते, तेही पाहावं. ट्रायडेंटने फुकट रात्री दिल्या, आणि रेकॉर्डिंग, गाण्यांचे हक्क, व्यवस्थापन हे सगळं आपल्याच हातात ठेवलं. १९७५मध्ये त्या करारातून सुटताना बँडला १ लाख पौंड मोजावे लागले. महापालिकेने किंवा महाविद्यालयाने हॉल दिला तर भाडं मागतील, फार तर पावती उशिरा देतील; गाण्यावर मालकी सांगणार नाहीत.

उरतो सर्वांत टोकदार प्रश्न. एवढं करूनही गाणं पडलंच ना? पडलं. पण वर्षही उलटलं नव्हतं, तोच फेब्रुवारी १९७४मध्ये बीबीसीच्या ‘टॉप ऑफ द पॉप्स’मध्ये गायक डेव्हिड बोवीची चित्रफीत ऐनवेळी दाखवता येईना, आणि रिकामी जागा भरायला याच चौघांना बोलावणं आलं. ‘सेव्हन सीज ऑफ राय’ हे त्यांचं पुढचं गाणं तिथून पहिल्या दहात गेलं. बोलावणं नशिबाने आलं, हे मान्य. पण ते आलं तेव्हा त्यांच्या हाती गाणं होतं, आणि हात सरावलेले होते.